दोन सरकारी मोजण्या, दोन वेगळे नकाशे: बांधाच्या दाव्यात कोर्ट कशावर विश्वास ठेवतं?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो. वडिलांनी 1984 साली खरेदीखताने सव्वादोन एकर जमीन घेतली, 7/12 वर क्षेत्र 0.91 हेक्टर, म्हणजे सुमारे 90 गुंठे. दोन-तीन वर्षांपूर्वी तुम्ही भूमी अभिलेख कार्यालयातून हद्द कायम मोजणी (हद्दीच्या खुणा ठरवून दाखवणारी मोजणी) आणली, तिच्यात उत्तरेच्या शेजाऱ्याने चार गुंठे दाबल्याचं निघालं. तुम्ही अतिक्रमण काढून कब्जा मिळण्यासाठी दावा लावला. शेजाऱ्याने त्याच कार्यालयातून मोजणी आणली आणि तिच्यात अतिक्रमण शून्य! आता तुमचे वकील म्हणतात, कोर्ट कमिशनर (कोर्टाच्या वतीने जागेवर जाऊन अहवाल देणारा) नेमून तिसरी मोजणी करून घेऊ. तुम्ही विचारता की आमचा नकाशा सरकारी आहे, सही-शिक्का आहे, मग पुन्हा मोजणी कशाला? आणि तिसऱ्या मोजणीने तरी निकाल लागेल का?

वकील बरोबर सांगतात. पण तिसरी मोजणी पहिल्या दोन मोजण्यांसारखीच झाली तर तुमच्या हातात फक्त तिसरा कागद येईल. गेली सत्तावीस वर्षं तालुका कोर्टात बांधाचेच दावे चालवतो आहे, कधी वादीकडून, कधी प्रतिवादीकडून. नकाशा कुणाच्या बाजूने आहे यावर दावा ठरल्याचं मी फार कमी पाहिलंय. तो कोणत्या जुन्या अभिलेखावरून बसवला, आणि बसवणारा माणूस ते पिंजऱ्यात उभा राहून सांगू शकतो का, यावर ठरताना पाहिलंय.

आधी सही-शिक्क्याचं. पक्षकारच काय, नवे वकीलही इथे फसतात. सरकारी अधिकाराने केलेले नकाशे अचूक आहेत असं कोर्टाने गृहीत धरावं, असं जुन्या साक्ष अधिनियमाचं कलम 83 सांगतं. त्याच कलमाचा दुसरा भाग मात्र कुणी वाचत नाही: एखाद्या दाव्याच्या कारणासाठी तयार केलेला नकाशा अचूक असल्याचं शाबीत करावं लागतं. 1 जुलै 2024 पासून भारतीय साक्ष्य अधिनियम आला, कलमांचे आकडे बदलले, ही तरतूद राहिली. गावचा मूळ नकाशा कुणाच्या भांडणासाठी काढलेला नव्हता, म्हणून त्याला गृहीतकाचा आधार मिळतो. तुम्ही फी भरून, शेजाऱ्यावर दावा लावायचा म्हणून आणलेल्या नकाशावर समोरचा वकील पहिली हरकत हीच घेणार. 'क' प्रत, म्हणजे मोजणीनंतर अर्जदाराला मिळणारा नकाशा, दाव्यात दाखल केली, तिला निशाणी (कोर्टाचा दस्तऐवज क्रमांक) पडली, म्हणजे ती शाबीत झाली असं होत नाही. मोजणी करणाऱ्या भूकरमापकाला साक्षीला बोलवावं लागतं आणि उलटतपासात टिकावं लागतं. त्याची बदली झाली असेल, तो निवृत्त झाला असेल, तरी समन्स काढा. "कार्यालयातल्या दुसऱ्या कुणाला पाठवतो" हे मान्य करू नका. दुसरा माणूस फक्त सही ओळखतो, शेतात काय झालं ते त्याला ठाऊक नसतं.

आता तुमच्या नकाशाकडे. तुम्ही पाठवलेल्या तपशिलावरून दिसतं की तुमच्या अर्जात फक्त तुमचाच गट मोजायला सांगितला होता. जागेवर 86 गुंठे भरले, 7/12 वर 90 आहेत, म्हणून चार गुंठे शेजाऱ्याकडे. हा हिशेब घरी बसून बरोबर वाटतो, कोर्टात टिकत नाही. जमीन कमी भरणं आणि शेजाऱ्याने ती दाबणं या दोन गोष्टी वेगळ्या शाबीत कराव्या लागतात. चार गुंठे रस्त्यात गेले असतील. रस्ता रुंद झाला, संपादन झालं, पण कमी-जास्त पत्रक (क्षेत्रातला बदल नोंदवणारा कागद) झालंच नाही, 7/12 वर जुनंच क्षेत्र चालू राहिलं, हे मी डझनभर गावांत पाहिलंय. ओढ्याने काठ खाल्ला असेल. किंवा 1984 साली तुमच्या वडिलांना विकणाऱ्याकडेच 86 गुंठे होते, आणि त्याने 7/12 पाहून 90 लिहून दिले. शेजाऱ्याची पूर्ण जमीन मोजून ती त्याच्या क्षेत्रापेक्षा चार गुंठे जास्त भरली, आणि हे जास्तीचं क्षेत्र तुमच्याच बाजूच्या पट्ट्यात आहे असं दिसलं, तर दाव्यात दम येतो. म्हणून मोजणी दोन्ही जमिनींची, एकाच वेळी, एकाच आधारावरून हवी. तिसऱ्या मोजणीचं खरं कारण हेच आहे.

"एकाच आधारावरून" म्हणजे काय, इथे जरा थांबतो, कारण दोन सरकारी नकाशे एकमेकांविरुद्ध का जातात याचं उत्तर बहुतेक वेळा इथेच असतं.

आपल्याकडची मूळ मोजणी शेतसाऱ्यासाठी झाली. गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी 1836 च्या सुमारास इंदापूर तालुक्यात जी पद्धत बसवली, ती पुढे मुंबई इलाख्यात पसरली. तिच्यात प्रत्येक सर्व्हे नंबरचं टिपण असे: शेताची कच्ची आकृती, तिच्यात पायारेषा, लंब, आणि प्रत्येक रेषेवर मापाचा आकडा. त्यावरून क्षेत्र काढलं, आकारबंद (क्षेत्र आणि सारा नोंदवणारं पत्रक) झाला, आणि सगळी शेतं जोडून गाव नकाशा काढला. पुढे पोटहिस्से पडले तेव्हा फाळणी झाली, तिचीही मापं लिहिली गेली. म्हणजे एकाच बांधाबद्दल कार्यालयात दोन प्रकारचे कागद असतात: एक आकडे सांगणारा (टिपण, फाळणी), दुसरा चित्र दाखवणारा (गाव नकाशा, गट नकाशा).

चित्रावरून बांध बसवला तर काय होतं ते मोजून पाहा. अनेक जुने गाव नकाशे एका इंचाला वीस साखळ्या या परिमाणाचे आहेत. साखळी 33 फुटांची, म्हणजे एक इंच बरोबर 660 फूट, प्रमाण 1:7920. त्या नकाशावर पेन्सिलची अर्ध्या मिलिमीटरची रेघ शेतात जवळपास चार मीटर रुंद होते, तेरा फूट! त्यात कागद शंभर वर्षांचा, घड्यांवर फाटलेला, दमट रेकॉर्ड रूममध्ये ताणला-आक्रसलेला. असा नकाशा स्कॅन करून, मोठा करून, त्यावरून कुणी "सहा फुटांचं अतिक्रमण" सांगत असेल, तर ते सहा फूट रेघेच्या जाडीतच बसतात. टिपणावरून मात्र रेषेची लांबी आकड्यात मिळते आणि ती शेतात तशीच टाकता येते.

तुमची मोजणी आणि शेजाऱ्याची मोजणी समोरासमोर ठेवा, आणि आधार म्हणून काय लिहिलंय ते बघा. एकात "गट नकाशावरून" आणि दुसऱ्यात "टिपण व फाळणीवरून" असं असेल, तर दोन्ही भूकरमापक प्रामाणिक असूनही नकाशे वेगळे येतील. कुणी पैसे खाल्ले असा संशय घ्यायच्या आधी हे तपासा. (पैसे कधीच खाल्ले जात नाहीत असं मी म्हणत नाही. पण कोर्टात ते शाबीत करणं जवळपास अशक्य, आणि तो आरोप केला की न्यायाधीश तुमच्याकडे तंटेखोर म्हणून बघायला लागतात.)

टिपण वाचणं हीसुद्धा सोपी गोष्ट नाही. माझ्याच एका दाव्यातलं सांगतो. मी प्रतिवादीकडून होतो. वादीच्या मोजणीत आमच्या अशिलाचं सुमारे पाच फूट रुंदीचं, चारशे फूट लांबीचं अतिक्रमण दाखवलं होतं. नकाशा टिपणावरून केलेला, म्हणजे वरकरणी भक्कम. मी टिपणाची नक्कल आणून दोन रात्री बघत बसलो. एका रेषेवर "5-4" असं लिहिलं होतं. जुन्या पद्धतीत साखळीचे सोळा आणे असतात. 5-4 म्हणजे पाच साखळ्या चार आणे, सव्वापाच साखळ्या, 173 फूट 3 इंच. मोजणी करणाऱ्याने ते दशांश समजून 5.4 घेतलं होतं. 178 फूट आणि वर दोन-अडीच इंच. फरक पाच फुटांना अर्धा-पाऊण इंच कमी. उलटतपासात मी एवढंच विचारलं:

"ही आकृती तुम्ही याच टिपणावरून केलीत ना?"

"हो."

"या रेषेची लांबी किती धरलीत?"

"पाच पॉइंट चार साखळ्या."

"साखळीचे आणे किती?"

साक्षीदाराने टिपणाकडे पाहिलं, मग न्यायाधीशांकडे. "सोळा," तो म्हणाला आणि पुढचा प्रश्न यायच्या आधीच त्याने चष्मा काढला. पाच फूट गुणिले चारशे, दोन हजार चौरस फुटांच्या आत-बाहेर, 1089 चौरस फुटांचा गुंठा धरला तर पावणेदोन गुंठ्यांहून थोडं जास्त. सात वर्षं चाललेला दावा एवढ्या एका चुकीच्या वाचनावर उभा होता. वादी खोटं बोलत नव्हता, त्याला कागदाने तसं सांगितलं होतं. त्या दिवसापासून माझ्या टेबलाच्या खणात आण्यांचं फुटांत रूपांतर करणारा एक तक्ता असतो, हाताने लिहिलेला. एक आणा म्हणजे दोन फूट पाऊण इंच.

तुमच्या 7/12 वर सर्व्हे नंबर नाही, गट नंबर आहे. म्हणजे गावात 1947 च्या तुकडेबंदी-एकत्रीकरण कायद्याखाली योजना झालेली आहे. तेव्हा सर्व्हे नंबर आणि हिस्से जोडून गट केले. कित्येक गावांत हे जोडकाम कागदावर झालं, बांध जागेवर होते तिथेच राहिले. म्हणून गट नकाशातली रेघ आणि जागेवरचा बांध जुळत नाही अशी तक्रार घराघरांत ऐकू येते. तुम्ही एकत्रीकरणाचे 9(3), 9(4) चे उतारे काढा, तुमचा गट कोणकोणत्या जुन्या नंबरांतून झाला ते पाहा, आणि त्या जुन्या नंबरांची टिपणं मागवा. एक इशारा मात्र. योजनेतच चूक झाली, आमचं क्षेत्र शेजाऱ्याच्या गटात घातलं, असं तुमचं मूळ म्हणणं निघालं, तर दिवाणी कोर्टात अधिकारक्षेत्राचा अडसर येतो. त्या कायद्याच्या कलम 36-अ ने तसे प्रश्न दिवाणी कोर्टाबाहेर ठेवलेत. मग भूमी अभिलेख खात्याकडे कलम 32 खाली दुरुस्तीचा अर्ज, आणि तिथे "चाळीस वर्षं काय करत होता" हा प्रश्न पहिला येतो. दाव्यात हे म्हणणं घ्यायचं की नाही ते वकिलांशी बसून आधी ठरवा. अर्धवट घेतलं तर दोन्हीकडून तोंडघशी पडाल.

आता कमिशनचा अर्ज. दिवाणी प्रक्रिया संहितेचा ऑर्डर 26 नियम 9. "कमिशन नेमून पुरावा गोळा करता येत नाही" असं समोरून उत्तर येईल, आणि कब्जा कुणाचा हे शोधण्यासाठी कमिशन मागितलं असतं तर ते बरोबरही ठरलं असतं. हद्दीचं वेगळं आहे. हरियाणा वक्फ बोर्डाच्या 2008 च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की वाद जमिनीच्या हद्दीचा असेल तर कमिशनर नेमून मोजणी करून घ्यायला हवी होती. कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर) आली, कोर्टाने वादाचे मुद्दे काढले, की लगेच अर्ज द्या. पुरावा संपून युक्तिवादाला दावा लागल्यावर दिला तर "त्रुटी भरून काढायला आलात" म्हणून फेटाळला जाऊ शकतो, आणि मग उच्च न्यायालयात रिट.

अर्ज मंजूर होणं ही अर्धी लढाई आहे. उरलेली अर्धी आदेशाच्या भाषेत. "वादमिळकतीची मोजणी करून अहवाल द्यावा" एवढ्याच आदेशावर कार्यालय पुन्हा तेच करेल जे आधी दोनदा केलं. आदेशात मागून घ्या की वादी आणि प्रतिवादी दोघांचे पूर्ण गट मोजावेत. आधार मूळ टिपण, फाळणी आणि योजनेचा अभिलेख यांचा घ्यावा, आणि तो कोणता घेतला ते अहवालात लिहावं. दोन्ही पक्षांना मान्य अशा किंवा अभिलेखात असलेल्या पक्क्या खुणांपासून सुरुवात करावी, जसं शिवेचा दगड, जुनी विहीर, तिठा. अभिलेखाची हद्द एका रेषेने आणि वहिवाटीची दुसऱ्या रेषेने एकाच नकाशावर दाखवावी. अतिक्रमण निघालं तर त्याला अबकड अक्षरं देऊन चारही बाजूंची मापं आणि क्षेत्र लिहावं. आधीच्या दोन मोजण्यांत फरक का पडला तेही सांगावं. हा शेवटचा मुद्दा बहुतेक वकील विसरतात, आणि न्यायाधीशांना निकालपत्र लिहिताना नेमका तोच लागतो.

मोजणीच्या दिवशी स्वतः हजर राहा. नोटीस मिळाल्याची सही द्या. जबाब लिहून घेतात तेव्हा "मोजणी मान्य आहे" असं छापील वाक्य असेल तर वाचल्याशिवाय सही करू नका. भूकरमापकाने कोणत्या दगडापासून सुरुवात केली, रोव्हर (उपग्रहाच्या मदतीने जागा सांगणारं मोजणीचं यंत्र) कुठे धरला, कोणत्या शेजाऱ्याने काय म्हटलं, ते त्याच संध्याकाळी वहीत टिपून ठेवा. चार वर्षांनी साक्षीला उभे राहाल तेव्हा ही वही डोळ्यांसमोर असेल. रोव्हरचं म्हणाल तर आजकाल सगळे त्यावर भाळतात. तो सेंटिमीटरमध्ये जागा सांगतो, खरं आहे. पण जुन्या टिपणातला कोपरा शेतात कुठे होता हे त्याला कुणीतरी सांगावं लागतं, आणि ती जुळवणी चुकली तर चूकसुद्धा सेंटिमीटरपर्यंत अचूक येते.

अहवाल कोर्टात आला की तो ऑर्डर 26 नियम 10 प्रमाणे पुराव्याचा भाग होतो. पण तो कोर्टावर बंधनकारक नाही. विरुद्ध गेला तर लेखी हरकत द्या, मोघम नको, मुद्देसूद, आणि कमिशनरला तपासण्याची परवानगी मागा. तुमच्या बाजूने आला तरी कमिशनरला साक्षीला आणणं मी पसंत करतो. न तपासलेला अहवाल अपिलात उघडा पडतो. कोर्टाचं समाधान झालं नाही तर पुढची चौकशी सांगता येते. कार्यालयाकडे निमताना आणि सुपर निमताना मोजणीचीही वाट आहे, वरिष्ठ अधिकाऱ्याकडून फेरमोजणी. दावा चालू असताना तिचा फायदा मर्यादित, कारण तोही शेवटी दाव्यासाठी केलेलाच नकाशा.

कुणीतरी तुम्हाला सांगितलंय की "महसूल संहितेने मोजणीची हद्द अंतिम केली आहे". हे कलम 138 वरून आलेलं अर्धसत्य. कलम 135 खाली जिल्हाधिकाऱ्यांनी रीतसर चौकशी करून हद्दीचा वाद ठरवला, तर त्या ठरवण्याला 138 वजन देतं. भूकरमापकाने अर्जावरून येऊन खुणा दाखवल्या आणि 'क' प्रत दिली, ही ती चौकशी नव्हे.

आता खरेदीखत काढा आणि चतुःसीमा वाचा. तिथे उत्तरेला नुसतं शेजाऱ्याचं नाव आहे की "बांध", "नाला", "आंब्याचं झाड" असं काही आहे? ओळखू येणारी सीमा आणि क्षेत्राचा आकडा यांच्यात विसंगती आली तर सर्वसाधारणपणे सीमा वरचढ ठरते. नंबराच्या चुकीचंही तसंच. एका जुन्या निकालात विक्रीच्या दाखल्यात प्लॉट नंबर 1060 ऐवजी 160 पडला होता. बाकी वर्णनावरून मिळकत ओळखता येत होती, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने ती नुसती लेखनाची चूक मानली. हे तुमच्या बाजूने जाईल की विरुद्ध, ते खतातल्या चार ओळींवर आहे. उत्तरेला "सामाईक बांध" लिहिलेला असेल आणि तोच जुना बांध आज जागेवर उभा असेल, तर तुमचे चार गुंठे अवघड आहेत, हे स्पष्ट सांगतो.

शेजाऱ्याच्या कैफियतीत "अतिक्रमण नाही, आणि असलंच तर बारा वर्षांहून जास्त जुनं, म्हणून विरुद्ध कब्जाने मालक" असं असेलच. ते शाबीत करायची जबाबदारी त्याची. दुसऱ्याची जमीन आहे हे माहीत असून उघडपणे, हक्काने वापरली, असं त्याला दाखवावं लागेल. आणि त्याचा पहिला बचाव तर "ही माझीच" असा आहे.

शेवटी प्रार्थना तपासा. तुमच्या दाव्यात "चार गुंठ्यांचा कब्जा मिळावा" एवढंच आहे. कुठले चार? ऑर्डर 7 नियम 3 प्रमाणे मिळकत ओळखता येईल असं वर्णन लागतं, आणि हुकूमनाम्यातही. माझ्याकडे एक दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) आली होती, हुकूमनामा वादीच्या बाजूने, अपिलातही कायम, आणि बेलिफ शेतात उभा राहून विचारतोय, "साहेब, कुठून कुठपर्यंत?" नकाशा हुकूमनाम्याला जोडलेलाच नव्हता. तो माणूस पुन्हा मोजणीच्या रांगेत गेला. कमिशनरचा नकाशा आला की दावा दुरुस्तीचा अर्ज द्या आणि अबकड प्रार्थनेत घ्या.

पुढच्या तारखेआधी नकलांचे अर्ज टाका: दोन्ही गटांची टिपणं, फाळणी, आकारबंद, 9(3)-9(4), जुने फेरफार, रस्त्याच्या संपादनाचे कागद असतील तर ते, आणि आधीच्या दोन्ही मोजण्यांची पूर्ण संचिका, नुसती 'क' प्रत नव्हे. त्या संचिकेत मोजणीचं मूळ शीट, नोटिसा आणि जबाब असतात. टिपण "जीर्ण, उपलब्ध नाही" असं उत्तर आलं तर ते लेखी घ्या, तेही दाव्यात लागतं. आणि तोवर वादातल्या बांधावर नांगर घालू नका, दगड हलवू नका, शेजाऱ्याने हलवला तर फोटो काढून त्याच दिवशी तलाठ्याला लेखी कळवा.